मिस आयसीचं चालणं

माझं लंगडणं म्हणे जपानमध्ये क्लास लावून शिकवतात. पोलंडमध्येही शिकवतात. तिथल्या पोरी आरशासमोर ओळीनं उभ्या राहतात, डावा पाय टेकतात, कंबर सोडून देतात, खांदा पाडतात, डाव्या हाताच्या चिमटीत कापड धरून वर उचलतात आणि घाम पुसत मास्तराला विचारतात, जमलं का? मला कुणी क्लास लावला नव्हता. लहानपणी आंब्याच्या झाडावरून पडले, खुबा नीट बसवणारा कुणी भेटला नाही, आणि माझं शिक्षण तिथेच पुरं झालं.

मी आयसिल्डा ब्रॅमवेल. किंग्स्टनच्या डाउनटाउनला आमच्या लेनमध्ये मला सगळे मिस आयसी म्हणतात. धंदा शिवणाचा. रस्त्यावरच्या डान्सला जाणाऱ्यांचे कपडे शिवते, जाळीचे, चमकीचे, झाकायचं तिथे उघडे आणि श्वास घ्यायचा तिथे घट्ट. पाद्री रविवारी या कपड्यांच्या नावानं बोटं मोडतो आणि सोमवारी त्याचीच भाची माप द्यायला माझ्या दारात उभी असते. आमच्या डान्सला व्हिडिओवाला येतो, कॅमेऱ्यावर डोळे दिपवणारा दिवा लावून. त्या दिव्यात एकदा दिसलेला कपडा म्हणजे मेलेला कपडा. तोच पुन्हा घालून कुणी आली तर बिचारीला तोंड लपवायला जागा राहत नाही. म्हणजे दर आठवड्याला नवा जोड. घरात छप्पर गळेना का, अंगावर चमकी हवी. मी तोंडानं शिव्या देते आणि हातानं शिवते. मलाही पोट आहे.

ओडेन माझ्या समोरच्या खोलीतला. आमचं यार्ड, म्हणजे खोल्यांमधलं अंगण, एकच, नळ एकच. त्याला त्याच्या आजोबांनी वाढवलं, मास फर्डींनी; आमच्याकडे मोठ्यांना आदरानं मास म्हणतात. पोस्टमन होते, देवमाणूस. ओडेनच्या शाळेच्या खाकी चड्ड्या मीच शिवल्या आणि फाटल्यावर मीच ठिगळं लावली. आता तो जनरल झालाय. जनरल ओडी. सैन्य म्हणजे आमच्याच लेनमधली रिकामटेकडी पोरं, दिवसभर भिंतीला टेकून उभी. लढाई म्हणजे कोण नवा नाच काढतो आणि माइकवर कुणाच्या नावानं आरडाओरडा होतो. पण खोटं कशाला बोलू, नाचतो मात्र मेला. तो यार्डात सराव करायला लागला की मशिनवरचा माझा पाय आपोआप थांबतो. हे मी त्याला कधी सांगितलेलं नाही. सांगितलं असतं तर डोक्यावर बसला असता.

एका रविवारी मी चर्चमधून परत येत होते. मागे पोरी खिदळत होत्या. वळून बघते तर सगळ्या माझ्यासारख्या लंगडत चाललेल्या. मला हे नवं नाही, पाठीमागच्या नकला ऐकत आणि ओळखतच मी मोठी झाले. जी जवळ होती तिच्या कानाखाली एक ठेवून दिली. पोरगी रडत म्हणाली, मिस आयसी, तुम्हाला नाही हो चिडवत, हा नवा डान्स आहे, फेरीबोट, जनरल ओडीनं काढलेला.

घरी आले तर यार्डात जनरल आणि त्याचं सैन्य तेच करत होतं. डावा पाय, कंबर, खांदा, उजवा हात बाहेर. तरीही मी म्हटलं असतं की योगायोग असेल, कारण स्वतःची चाल स्वतःला कुठे दिसते? पण तेवढ्यात ओडेननं डाव्या मांडीवरची पँट चिमटीत धरून वर उचलली. ती चिमटी माझी होती. झगा जमिनीला घासू नये म्हणून मी लहानपणापासून असा धरते. पुढे शिवण शिकले, डावी बाजू आखूड ठेवायला लागले, झगा घासायचा थांबला, पण हाताची खोड गेली नाही. आता तुम्हीच सांगा, पँट कोण वर धरतं? पँट काय जमिनीवर लोळते?

मनात म्हटलं बघू या गाढवाची मजल कुठवर जाते.

बरीच लांब गेली. महिन्याभरात त्याच्या कंपूतल्या पोरी माझ्याकडे स्कर्ट शिवायला आल्या, डावी बाजू आखूड पाहिजे म्हणे, जनरलनं सांगितलंय. मग दुसऱ्या लेनमधल्या आल्या. मग परदेशी पोरी आल्या, डोक्याला घट्ट वेण्या घालून भांगात उन्हानं लालबुंद झालेल्या, आणि माझ्याच झग्याकडे बोट दाखवून म्हणाल्या, अय्या, तुम्हीसुद्धा फेरीबोट स्कर्ट घालता! मी म्हटलं, हो बाई, या वयात फॅशन करायची हौस आली. त्या हसल्या. मी त्यांची मापं घेतली.

आता हे फेरीबोट नाव कुठून आलं ते ऐका. इंटरनेटवर जनरलची मुलाखत आहे. त्यात तो सांगतो, मी बंदरावर बसलो होतो, समोरून पोर्ट रॉयलची फेरीबोट लाटांवर डुलत चालली होती, आणि ते डुलणं माझ्या अंगात शिरलं. डोंबल शिरलं! याला पाणी बघून मळमळतं. जन्मात कधी फेरीत पाऊल टाकलेलं नाही. लेनमधल्या सगळ्यांना खरं माहीत होतं, पण कुणी तोंड उघडलं नाही. त्यांना वाटलं पोरगा माझी अब्रू झाकतोय. मलाही काही दिवस तसंच वाटलं. म्हटलं चला, एवढी तरी लाज आहे.

मग एकदा माझ्या खिडकीखाली त्याचं सैन्य आपसात बोलत होतं, ते कानावर पडलं. आमच्याकडे पुरुषानं नाचायचं तर मोटारसायकल नाचावी, विमान नाचावं, अगदी कोंबडा नाचला तरी चालतो. पण जनरल म्हणवून घेणाऱ्यानं म्हातारीची चाल नाचली असं लेनबाहेर कळलं तर त्याचं नाव त्याच रात्री बुडालं. म्हणून बोट. माझ्या अब्रूशी त्याचा काडीचा संबंध नव्हता.

आणि त्या बोटीनंच त्याला बुडवायला घेतलं. पोर्ट रॉयलला कर्कलँड नावाचा एक नाचणारा आहे, कोळीवाड्यातला, तोही मोठा मिशाळ जनरल. त्यानं सगळीकडे सांगायला सुरुवात केली की फेरी लागते आमच्या धक्क्याला, माझा बाप त्या फेरीवर कामाला होता, हा डान्स आम्ही आधीपासून नाचतोय, या ओडेनला फेरीचं पुढचं टोक कोणतं आणि मागचं कोणतं ते तरी विचारा. चोरावर मोर झाला तो. आणि ओडेनला तोंड उघडता येईना, कारण बोट त्यानंच सांगितली होती.

एरवी ही भांडणं माइकवरच चालली असती. पण डोरोटा आली. डोरोटा म्हणजे पोलंडची उंच बाई, दर हिवाळ्यात परदेशी पोरींचा घोळका घेऊन आमच्याकडे नाच शिकायला येते. आमची बोली बोलते, शिव्यासुद्धा नीट देते. यंदाच्या उन्हाळ्यात ती फेरीबोट काढणाऱ्याला आपल्याबरोबर नेणार होती, पोलंड, जर्मनी, मग जपान. चुकीचा माणूस नेला तर लोक तिची सालटी काढतील, म्हणून तिनं ठरवलं की शनिवारी दुपारी आमच्या यार्डात दोघांनी यायचं, स्टेप कुठून आली ते कॅमेऱ्यासमोर दाखवायचं, ज्याचं पटेल तो जाणार.

त्याच सुमारास माझ्या ऑपरेशनची तारीख आली होती. सरकारी हॉस्पिटलात किती वर्षं नंबर लावून बसले होते ते आता आठवतही नाही. सोमवारी खुबा काढून धातूचा बसवणार. डॉक्टर म्हणाला, मिस ब्रॅमवेल, सरळ चालाल. मी म्हटलं, बघू.

गुरुवारी ओडेन तळलेला मासा आणि बॅमी, ती कसाव्याची जाड भाकरी, घेऊन माझ्या दारात आला. हा पोरगा खायला घेऊन आला की समजायचं, काहीतरी मागायचंय. मी मासा खाल्ला. मग म्हटलं, ओक आता.

"मिस आयसी, तुम्ही शनिवारी फक्त चालून दाखवायचं. बोलायचं ते मी बोलतो."

"काय बोलणार?"

"की ही मास फर्डींची चाल. माझ्या आजोबांची. फेरीबोट हे नुसतं नाव. तुम्ही त्यांना ओळखत होता, म्हणून त्यांची नक्कल करून दाखवताय."

मला आधी कळेचना. मग कळलं तेव्हा हसू आलं, आणि मग इतका राग आला की हातातला काटा ताटात टाकला. मास फर्डी ताठ माणूस. अर्ध्या किंग्स्टनला त्यांनी पायी पत्रं वाटली, कधी पाऊल वाकडं पडलं नाही. त्यांना मेल्यावर लंगडं करायला निघाला होता हा, कारण ते पुरुष होते.

"म्हणजे मी माझीच नक्कल करायची," मी म्हटलं, "आणि ती मेलेल्या माणसाची म्हणून सांगायची?"

तो मग बोलायला लागला, हीच एक संधी आहे, लेनमधून बाहेर पडायचं दुसरं दार नाही, तिकडून तुमच्यासाठी नवीन मशिन पाठवीन. मी म्हटलं, मशिन घाल चुलीत. मला तुझा एक पैसा नको. सगळ्यांसमोर एकदाच सांग, ही मिस आयसीची चाल आहे, मी तिच्याकडून घेतली. मग सोमवारपर्यंत म्हणशील तितक्या वेळा चालून दाखवते.

"पोरं हसतील मला, मिस आयसी."

"मला जन्मभर हसली. मेले का मी?"

तो बॅमीचा तुकडा बोटांनी कुस्करत उठला. दारात गेल्यावर वळला आणि म्हणाला, बरं, सांगतो. आणि मी विश्वास ठेवला. एवढी जगाला नावं ठेवणारी बाई मी, पण ठेवला. तुम्हाला खरं सांगते, मला ते हवं होतं. तरुणपणी मी शिवलेले झगे घालून मैत्रिणी नाचायच्या आणि मी भिंतीपाशी त्यांच्या पर्सा सांभाळत बसायची. एकानंही कधी येतेस का म्हणून विचारलं नाही. आता अख्खं जग माझ्या कमरेवर नाचतंय तर निदान माझं नाव तरी घ्या. शुक्रवारी मी कुणाच्या तरी कपड्यातून उरलेल्या पिवळ्या साटिनचा स्वतःसाठी झगा शिवला. डावी बाजू आखूड.

शनिवारी यार्ड भरलं. परदेशी पोरी, लेनमधल्या बायका, दोन्हीकडची सैन्यं, भिंतीवर चढलेली मुलं. आधी कर्कलँड उठला. फेरीचं सांगितलं, बापाचं सांगितलं, नाचून दाखवलं. नाच म्हणजे काय, दोर ओढल्यासारखा नाचला, पण गोष्ट जमवून आणली होती. डोरोटा मान हलवत होती.

मग ओडेन उठला. माझ्याकडे बघितलं. भिंतीला टेकलेल्या आपल्या पोरांकडे बघितलं. कर्कलँड छातीवर हात बांधून हसत होता, त्याच्याकडे बघितलं.

"ही चाल माझ्या आजोबांची," तो म्हणाला. "मास फर्डींची. मिस आयसी तुम्हाला दाखवतील."

मी उठले.  सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हटलं, खोटं बोलतोय हा, ही माझी चाल आहे, बघा. आणि दाराशी ठेवलेल्या मशिनपासून नळाकडे चालायला लागले.

आमच्याकडे एक रीत आहे. चांगल्या घरची माणसं लंगड्याच्या पायाकडे बघत नाहीत. आया पोरांना चापटी मारून शिकवतात, बघू नये, वाईट दिसतं. तर मी चालायला लागले आणि अख्खं यार्ड सभ्य झालं. बायकांनी कडेवरच्या पोरांची नाकं पुसायला घेतली. पुरुषांनी फोन काढले. परदेशी पोरींनाही त्यांच्या आयांनी हेच शिकवलेलं असावं, कारण त्यांनी माना खाली घातल्या. डोरोटानं कॅमेरा हळूच खाली घेतला, दयेनं. समुद्र ओलांडून आली होती बया, स्टेपचं मूळ बघायला, आणि मूळ समोरून चाललं होतं तर स्वतःच्या बुटांकडे बघत होती.

एकटा ओडेन बघत होता. डोळ्याची पापणी न लववता. माझा पाय, कंबर, खांदा, हात, सगळं. ओठ हलत होते, ठेका मोजत होता. बोट मांडीवर वाजत होतं. आजवर माझ्या चालण्याकडे इतकं नीट कुणी पाहिलं नव्हतं. डॉक्टरनंही नाही.

नळाशी पोचले तेव्हा डोरोटा धावत आली, दंड धरला, पाणी हवं का, खुर्ची हवी का विचारलं. मी म्हटलं, खुर्ची नको, त्याला विचार. तिनं ओडेनकडे वळून विचारलं, ही म्हणते ते खरं आहे का.

"मिस आयसींचं वय झालंय," तो म्हणाला. "सोमवारी ऑपरेशन आहे, जरा घाबरल्यात."

त्याची पोरं हसली. डोरोटानं माझा हात थोपटला. मी तिचा हात झटकला, पण त्यानं तर म्हातारी बिथरलीय याची तिची खात्रीच पटली असणार.

मात्र ओडेनला त्या खोट्याचा फायदा झाला नाही. कर्कलँडच्या बरोबर त्याची किंग्स्टनमधली आत्या आली होती, ती तिथल्या तिथे म्हणाली, मास फर्डी? आमच्या दारात पत्र आणायचा तो? तो तर पोलिसासारखा ताठ चालायचा. लेनमधल्या दोघी म्हाताऱ्यांनी माना डोलावल्या. मेलेल्या माणसाच्या वतीनं लोक बोलतात, जिवंत बाईच्या वतीनं नाही. झालं, ओडेन खोटा पडला आणि डोरोटानं कर्कलँडला निवडलं. खरं बोलला असता तर गेला असता की नाही कोण जाणे. पण खोटं बोलून तर नक्कीच राहिला.

लगेच यार्डात कर्कलँडनं पोरींना ओळीत उभं करून शिकवायला सुरुवात केली. एक, दोन, कंबर सोडा. मला माझ्या खोलीत जायला त्यांच्या मधूनच वाट होती. एका मुलीनं मोठ्या अदबीनं बाजूला होऊन मला जागा दिली, माझ्या पायाकडे न बघता, आणि मी पुढे गेल्यावर पुन्हा लंगडायला लागली. खोलीत येऊन मी दार लावलं आणि पिवळा झगा अंगावर तसाच ठेवून रडले. किती दिवसांनी रडले.

सोमवारी सकाळी टॅक्सी लेनच्या तोंडाशी उभी राहिली. आत येत नाही, लेन अरुंद आहे. मी दार उघडलं तर ओडेन उभा, माझी पिशवी घ्यायला. तोंड उतरलेलं. मला वाटलं माफी मागेल.

"मिस आयसी," तो म्हणाला, "टॅक्सीपर्यंत जरा सावकाश चालाल? वळताना तुमची टाच काहीतरी करते, ते मला अजून नीट मिळालेलं नाही. उद्यापासून ते..."

  निलाजरेपणालाही काही हद्द असते. मग मी दाराच्या पायरीवर बसकण मारली.

"उचल," मी म्हटलं.

"काय?"

"मला उचल आणि टॅक्सीत नेऊन ठेव. एक पाऊल दाखवणार नाही तुला."

तो हसला. मग मी हसत नाही हे त्याला दिसलं. टॅक्सीवाला भोंगा वाजवत होता. शेवटी जनरल ओडीनं वाकून मला दोन्ही हातांवर उचललं. मी काही हलकी नाही. त्याच्या मानेची शीर तटतटली, घामानं शर्ट ओला झाला, सोन्याचा मुलामा दिलेली त्याची साखळी माझ्या गालाला टोचत होती. भिंतीला त्याचं सैन्य टेकलेलंच होतं. नळावर बायका होत्या. आता मात्र कुणी नजर वळवली नाही, सगळे तोंड उघडं टाकून बघत होते. मी त्याच्या गळ्यात हात टाकला आणि आरामात बसले.

अर्ध्या लेनमध्ये त्यानं तोंड माझ्या कानाशी आणलं.

"तुमचीच आहे चाल," तो पुटपुटला. "पहिल्यापासून तुमचीच."

"मोठ्यानं बोल."

तो थांबला. पोरं बघत होती. त्यानं श्वास घेतला, माझ्या हाताखाली त्याची छाती भरलेली मला कळली. मी वाट बघितली. खरंच बघितली. मग तो श्वास तसाच सोडून तो पुन्हा चालायला लागला.

टॅक्सीच्या दाराशी तो वाकला आणि मला सीटवर अगदी हळू ठेवलं. आधी कंबर, मग उजवा पाय, मग डाव्या गुडघ्याखाली हात घालून तो पाय अलगद आत, जसा मी स्वतः घेते तसा. हे मी कधी कुणाला सांगितलेलं नाही. मेल्याला एवढं सगळं ठाऊक होतं आणि एक वाक्य तोंडातून निघत नव्हतं. मी दार ओढून घेतलं आणि ड्रायव्हरला म्हटलं, चल बाबा, उशीर होतोय.